तीन पॉइंट तेरा म्हणजे किती टक्के हो?

सगळ्यात आधी उत्तर देऊन टाकते. काहीच टक्के नाही. जीपीएचे (म्हणजे ग्रेड पॉइंट ॲव्हरेज, अमेरिकेतल्या कॉलेजातला रिझल्ट) टक्के करायचेच नसतात. पण हे आमच्या बडोद्याच्या दांडिया बाजारात कोणाला सांगणार, इथे मुलाचे मार्क विचारले आणि टक्क्यात उत्तर आलं नाही तर लोकांना वाटतं काहीतरी लपवतायत.

माझी भाची न्यू जर्सीत कम्युनिटी कॉलेजला आहे. ताई-भावोजी ग्रीन कार्डवर तिकडे गेले तेव्हा ती बारावी झालेली, मग एकदम मोठ्या युनिव्हर्सिटीची फी भरण्यापेक्षा दोन वर्षं कम्युनिटी कॉलेज आणि मग युनिव्हर्सिटीत ट्रान्सफर असं ठरलं, जे तिकडे भरपूर मुलं करतात. (इलिनॉयमधलं जोलिएटचं कॉलेज १९०१ पासून हेच करतंय, त्यामुळे हा काही नवा जुगाड नाही.) तर तिचा पहिला रिझल्ट आला ३.१३. आईने विचारलं कितीपैकी, म्हटलं चारपैकी. काकांनी लगेच भागाकार करून ७८ टक्के काढले आणि खूश झाले. शेजारच्या एका मुलाने दहावीला सीबीएसईत सीजीपीएला ९.५ ने गुणायचे ते आठवून इथेही गुणलं, तर आले २९.७, म्हणजे नापास! एकाच मुलीचे एकाच संध्याकाळी ७८ पण आणि ३० पण.

दोन्ही हिशोब चूक आहेत. तो ९.५ सीबीएसईने स्वतःच्या दहावीच्या ग्रेडसाठी काढला होता, त्याचा अमेरिकेशी काय संबंध. आणि ७८ टक्के पण नाही, कारण तिकडे टक्के आधीच ग्रेडमध्ये विरघळून गेलेले असतात. साधारण ९० च्या वर ए, ८० च्या वर बी, ७० च्या वर सी, ६० च्या वर डी, त्याखाली एफ, आणि प्रोफेसर आपल्या सिलॅबसमध्ये ते थोडंफार वरखाली लिहू शकतात. ए ला ४ पॉइंट, बी ला ३, सी ला २, डी ला १, एफ ला शून्य. म्हणजे ८१ वाली पण ३ आणि ८६ वाली पण ३. आता तीनवरून परत ८१ की ८६ हे कसं काढणार? नाहीच निघत.

आपल्या पिढीला जो खरा झटका बसतो तो वेगळाच आहे. आम्ही एम. एस. युनिव्हर्सिटीत बीकॉम केलं तेव्हा ६० टक्के म्हणजे फर्स्ट क्लास, घरी पेढे. तिकडे ६० म्हणजे डी. डी म्हणजे त्या कॉलेजात पास, क्रेडिट (विषय केवढा मोठा त्याचा आकडा, डिग्रीसाठी ते जमवायचे असतात) मिळतात, पण पुढच्या युनिव्हर्सिटीला ट्रान्सफर करताना बऱ्याच ठिकाणी सी च्या खालचा विषय घेत नाहीत. भावोजी अजून ७२ आले तर "छान छान" म्हणतात आणि पोरगी तिकडे डोकं धरून बसलेली असते. उलट पण खरं आहे हां, तिकडे होमवर्क, क्विझ, लॅब, अटेंडन्स सगळ्याचे मार्क मिळून ९० होतात, आपल्यासारखं वर्षभर झोपून मार्चमध्ये तीन तासांत सगळं ओकायचं नसतं, म्हणून ते ९० आणि आपले ९० पण एकमेकांशेजारी ठेवू नयेत.

बरं आता हिशोब. मी अकरावी-बारावीच्या अकाउंट्सच्या ट्यूशन घेते, त्यामुळे मला हे समजायला वेळ लागला नाही, आणि ज्याने बाजारातून तांदूळ आणलेत त्यालाही लागू नये. दहा किलो साधा आणि एक किलो बासमती घेतला तर सरासरी भाव काढताना आपण दोन भावांची बेरीज करून दोनने भागत नाही ना, किलोने गुणतो आणि एकूण किलोने भागतो. इथे क्रेडिट म्हणजे वजन आणि ग्रेडचे पॉइंट म्हणजे भाव. झालं.

तिचं पहिलं सेमिस्टर घ्या. इंग्लिश ३ क्रेडिट, बी, म्हणजे ९. प्रीकॅल्क्युलस ४ क्रेडिट, सी, म्हणजे ८. सायकॉलॉजी ३ क्रेडिट, ए, १२. लॅबसकट बायोलॉजी ४ क्रेडिट, बी प्लस, तिच्या कॉलेजात बी प्लसला ३.५ देतात म्हणून १४. आणि एक ओरिएंटेशनसारखा कोर्स १ क्रेडिटचा, ए, ४. बेरीज ४७ पॉइंट, क्रेडिट १५. ४७ भागिले १५ म्हणजे ३.१३. भावोजींनी नुसत्या पाच ग्रेडची सरासरी काढली होती, ती येते ३.३०, आणि कॉलेजने मार्क कापले म्हणून ईमेल करायला निघाले होते. त्यांना तो १ क्रेडिटवाला ए आणि ४ क्रेडिटवाला सी सारख्याच वजनाचे वाटले. फोनवर मी म्हटलं भावोजी, तुम्ही कृपा करून ईमेल पाठवू नका.

तो बी प्लसचा भाग लक्षात ठेवा कारण तो सगळीकडे सारखा नाही. रटगर्सला (न्यू जर्सीची सरकारी युनिव्हर्सिटी) बी प्लस ३.५ धरतात आणि मायनस ग्रेड नसतातच, दुसरीकडे बी प्लस ३.३ आणि ए मायनस ३.७ धरतात, आणि काही कॉलेजांत प्लस मायनस भानगडच नाही. त्यामुळे इंटरनेटवरचे जीपीए कॅल्क्युलेटर वापरायच्या आधी आपल्या कॉलेजचा कॅटलॉग उघडा. त्या कॅल्क्युलेटरमध्ये बहुतेक ३.३ असतं आणि मग आपला आकडा आणि ट्रान्सक्रिप्टवरचा (म्हणजे तिकडची मार्कशीट) आकडा जुळत नाही, की रडारड.

दुसऱ्या सेमिस्टरला खरी गंमत झाली. कॅल्क्युलस वन, ४ क्रेडिट. मिडटर्म वाईट गेली, पुढचं युनिट पण डोक्यावरून, एफ दिसायला लागला. विथड्रॉ करायची, म्हणजे विषय मध्येच सोडायची, शेवटची तारीख जवळ आलेली आणि घरात दोन पार्ट्या. ताई म्हणते काढून घे, भावोजी म्हणतात ट्रान्सक्रिप्टवर ग्रेडच्या जागी डब्ल्यू (विथड्रॉचा) दिसेल, कायमचा डाग. मला व्हिडिओ कॉल, मावशी तू सांग.

मी सांगितलं नाही काही, वहीवर दोन कॉलम केले. बाकीचे तीन विषय, इंग्लिश टू ३ क्रेडिट बी ९, हिस्ट्री ३ क्रेडिट ए १२, केमिस्ट्री ४ क्रेडिट सी प्लस म्हणजे अडीच गुणिले चार १०. एकूण ३१ पॉइंट. एफ घेतला तर ३१ भागिले १४ क्रेडिट, सेमिस्टरचा जीपीए २.२१ आणि आधीचे धरून एकूण ७८ भागिले २९ म्हणजे २.६९. डब्ल्यू घेतला तर ते ४ क्रेडिट भागाकारातच येत नाहीत, ३१ भागिले १० म्हणजे ३.१०, आणि एकूण ७८ भागिले २५ म्हणजे ३.१२. पॉइंट दोन्हीकडे ७८ च! फरक फक्त खालच्या आकड्याचा. एफ काही पॉइंट हिरावून घेत नाही, तो नुसता खाली वजन टाकून बसतो आणि वर शून्य. हे बघितल्यावर भावोजी गप्प झाले.

पण डब्ल्यू फुकट नाही, हेही तिला तेव्हाच सांगितलं. फी गेली ती गेली. सरकारी मदत म्हणजे पेल ग्रँट वगैरे घेत असाल तर ते लोक दोन गोष्टी बघतात, एक जीपीए, बहुतेक ठिकाणी २.० तरी हवा, आणि दुसरं म्हणजे जेवढे क्रेडिट घ्यायला गेलात त्यातले किती पुरे केलेत, ते साधारण ६७ टक्के तरी लागतात. इथे डब्ल्यू मोजला जातो. तिचं २९ पैकी २५ म्हणजे ८६ टक्के, काळजी नाही. पण दर सेमिस्टरला दोन दोन डब्ल्यू घेणाऱ्याचा जीपीए ४.० असूनही ग्रँट बंद होऊ शकते. आणि स्टुडंट व्हिसावर असाल तर सगळं अजून नाजूक, १२ क्रेडिटच्या खाली जायचं तर आधी कॉलेजच्या इंटरनॅशनल ऑफिसची परवानगी, नंतर नाही, आधी. आमच्या ओळखीत बडोद्याहून व्हिसावर गेलेली मुलं आहेत, त्यांच्या आईवडिलांना मी हे एकच वाक्य परत परत सांगते.

तर तिने डब्ल्यू घेतला आणि उन्हाळ्यात तोच कॅल्क्युलस परत केला, एकटा विषय, दुसरा प्रोफेसर, बी प्लस. भावोजींनी आता तिन्ही सेमिस्टरचे जीपीए घेतले, ३.१३, ३.१० आणि ३.५०, बेरीज भागिले तीन, ३.२४. परत तेच! सरासऱ्यांची सरासरी काढायची नाही हो. पॉइंट ४७ अधिक ३१ अधिक १४, ९२. क्रेडिट १५ अधिक १० अधिक ४, २९. उत्तर ३.१७. उन्हाळ्याचा एक विषय म्हणजे चारच क्रेडिट, तो पंधरा क्रेडिटच्या सेमिस्टरच्या बरोबरीने कसा बसेल.

मग भाचीने चांगला प्रश्न विचारला, की एफ घेतला असता आणि मग परत केला असता तर? बऱ्याच कम्युनिटी कॉलेजांत विषय परत केला की जुना ग्रेड ट्रान्सक्रिप्टवर दिसतो पण जीपीएतून निघतो, नवा धरतात. म्हणजे तिच्या कॉलेजात शेवटी ३.१७ च झाला असता. पण ती कधी कधी मेडिकलचं बोलते. आणि अमेरिकेत मेडिकल स्कूलला ज्या सेंट्रल सिस्टीममधून अर्ज जातो, एएमसीएएस, ते लोक स्वतः जीपीए नव्याने काढतात आणि दोन्ही प्रयत्न धरतात, कम्युनिटी कॉलेजचे पण. तिथे ९२ भागिले ३३ झालं असतं, २.७९. कॉलेजच्या कागदावर ३.१७ आणि अर्जावर २.७९. डब्ल्यू घेतल्यामुळे दोन्हीकडे ३.१७. भावोजींचा तो कायमचा डाग अजून तरी कोणी विचारलेला नाही.

ट्रान्सफरबद्दल पण एक गैरसमज आहे की इथला जीपीए पुढे चालू राहतो. बहुतेक युनिव्हर्सिट्यांत क्रेडिट बरोबर येतात, जीपीए तिकडे शून्यापासून सुरू होतो. जुना आकडा ॲडमिशनला आणि स्कॉलरशिपला लागतो, मग त्याचं काम संपलं. (कॅलिफोर्नियावाल्यांसाठी, यूसीला म्हणजे युनिव्हर्सिटी ऑफ कॅलिफोर्नियाला ट्रान्सफरचा किमान जीपीए तिथल्या रहिवाशांना २.४ आणि बाहेरच्यांना २.८. किमान म्हणजे अर्ज करता येतो एवढंच, घेतील असं नाही.)

ज्यांची मुलं आत्ता पहिल्या सेमिस्टरला आहेत त्यांना मी सांगते की हा हिशोब आत्ताच करा, शेवटी नाही, कारण क्रेडिट वाढत जातात तसा जीपीए जड होत जातो, हलतच नाही. समजा ३० क्रेडिटला २.६ आहे, म्हणजे ७८ पॉइंट. ६० क्रेडिटला ३.० हवा तर १८० लागतील, उरलेल्या ३० क्रेडिटमध्ये १०२, सरासरी ३.४. मेहनत आहे पण होईल. तोच मुलगा ४५ क्रेडिटला २.६ वर जागा झाला तर त्याच्याकडे ११७ आहेत, उरलेल्या १५ मध्ये ६३ हवेत, म्हणजे ४.२. चारच्या वर ग्रेडच नाही! सगळे ए आणले तरी नाही होणार. कितीही शिकवण्या लावा, नवस बोला.

भाचीचं आता ६० क्रेडिटला ३.५ चं टार्गेट आहे, कारण तिच्या कॉलेजात ऑनर्सला तेवढा लागतो. २१० पॉइंट हवेत, ९२ आहेत, म्हणजे ३१ क्रेडिटमध्ये ११८. सगळे ए आले तर १२४. म्हणजे सहा पॉइंटची सूट आहे तिला, बस. एक्सेल शीट करून पाठवलंय, समप्रॉडक्टचा फॉर्म्युला घालून, ती त्यात बसून ग्रेड बदलत असते. फिजिक्स ४ क्रेडिट, तिथे बी प्लस धरलाय, दोन पॉइंट गेले. कॅल्क्युलस टू पण ४, तिथे बी आला तर अजून चार, सूट संपली आणि बाकी सगळीकडे ए च पाहिजे. ती म्हणते मावशी, स्पीचला ए पक्का आहे. स्पीच ३ क्रेडिटचा आहे.