लग्नाच्या कॅसेटीत सापडलेलं गाव

आमचं काम लातूरला 2009 साली सुरू झालं, लग्नाच्या शूटिंगपासून, भाड्याचा कॅमेरा आणि एक जुना कम्प्युटर एवढ्यावर. लग्नसराई संपली की दुकान रिकामं, म्हणून जुन्या व्हीएचएस कॅसेटीची डीव्हीडी करून देऊ असा बोर्ड लावला आणि खरं सांगतो, आज आम्ही डॉक्युमेंटरी करतो ती त्या बोर्डामुळं.

एक ताई 1991 सालच्या स्वतःच्या लग्नाची कॅसेट घेऊन आल्या, माहेर किल्लारीकडचं. टेपला बुरशी लागलेली, साफ करण्यातच दोन दिवस गेले. चालू केली तर ताई नवरा-नवरीकडं बघेचनात, सारखं मागंच बघायलेल्या. "थांबव दादा, हे आमचं माळवद. ती बघ शिडी."

30 सप्टेंबर 1993. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी, गणपती विसर्जन करून दमलेली माणसं झोपलेली आणि पहाटे 3 वाजून 56 मिनिटांनी भूकंप झाला. दगड-मातीच्या रुंद भिंती, वर लाकडावर मातीचा जाड थर, उन्हाळ्यात घर कसं गार राहायचं, पण त्या पहाटे तेच वजन माणसांच्या अंगावर आलं. हजारो माणसं गेली. पुढं 52 गावं नव्या जागी वसवली, रुंद सरळ रस्ते, एकसारखी घरं, आणि जुन्या जागी बाभळी माजल्या. घरातले फोटो, कॅसेटी सगळं ढिगाऱ्यात. पण ज्या लेकी आधीच लग्न होऊन गेल्या होत्या त्यांच्या लग्नाच्या कॅसेटी सासरी शाबूत होत्या! हे त्या दिवशी डोक्यात आलं आणि मग आम्ही गावापेक्षा गावाच्या लेकी शोधायला लागलो, उमरगा, निलंगा, बार्शी, पार सोलापूरपर्यंत.

सुरुवातीला आमचं चुकलं. जुन्या गावठाणावर ड्रोन उडवला, नुसती झाडीच दिसली. मग एका आजींना सोबत नेलं, काठी टेकत त्या बाभळीतून अशा वळत गेल्या जणू गल्ली अजून तिथंच आहे, आणि एका जागी थांबल्या. "हितं चूल हुती, लेकरा. आन् हितं जातं." तिथंच बसून त्यांनी दोन ओव्या म्हटल्या. आम्ही कॅमेरा हलवला नाही. नंतर एका चॅनलवाल्यांनी रडण्याचेच शॉट मागितले, आम्ही दिले नाहीत. पैसे बुडाले, ते लग्नाच्या ऑर्डरींनी भरून काढले.

फिल्म पहिल्यांदा गावातच दाखवतो, मंदिरासमोर पांढरा पडदा लावून. भूकंपानंतर जन्मलेली पोरं विचारतात, आपलं घर एवढं मोठं होतं?

तुमच्या आत्याच्या, मावशीच्या लग्नाची त्या भागातली 93 च्या आधीची कॅसेट असेल तर बुरशी आली म्हणून फेकू नका, आणि कृपा करून प्लेअरमध्ये घालून बघू नका, टेप तुटते. तशीच आणून द्या. त्या गावांच्या कॅसेटीचे आम्ही पैसे घेत नाही.