मानोयचा कोरा चेहरा

व्हिलनचे रोल करून करून नटाला एक विद्या आपोआप येत असावी, पोटातलं तोंडावर दिसू द्यायचं नाही. फिलिपिन्सच्या एडी गार्सियाला बघताना मला हे सारखं वाटतं. माणूस 1929 चा, सोर्सोगोन प्रांतातला, आधी फौजेत होता, जपानच्या ओकिनावा बेटावर मिलिटरी पोलिसात वगैरे, मग एकदा सिनेमात शिरला तो जवळजवळ सत्तर वर्षं बाहेर पडलाच नाही. इंडस्ट्रीत सगळे त्याला मानोय म्हणायचे, म्हणजे त्याच्या बिकोल भागाच्या बोलीत दादा.

व्हिलन तर त्याने ढिगाने केले. अमेरिकन लोक स्वस्तात हॉरर सिनेमे काढायला तिकडे यायचे त्यातही हा होताच, 1970 च्या बीस्ट ऑफ ब्लडमधला तो माथेफिरू डॉक्टर लोर्का म्हणजे हाच. डायरेक्शनही करायचा, आणि तेही हौस म्हणून नाही, फामास या तिथल्या मानाच्या सिनेमा अवॉर्ड्सच्या हॉल ऑफ फेममध्ये हीरो, सहायक नट आणि दिग्दर्शक अशा तिन्ही खात्यांत त्याचं नाव आहे.

पण मला अडकवलं ते वेगळ्याच कामाने. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला दिग्दर्शक लिनो ब्रोकाने त्याला तुबोग सा गिंतो या सिनेमात घेतलं, बायकोपोरं असलेला पैसेवाला गृहस्थ जो पुरुषांवर प्रेम करतो आणि ते लपवता लपवता ब्लॅकमेलमध्ये सापडतो. त्या काळात, ॲक्शनपटातला दणकट गडी असताना हा रोल घ्यायचा म्हणजे डेअरिंगच. आणि तिथे त्याचा तो व्हिलनवाला कोरा चेहरा अचानक केविलवाणा वाटायला लागतो, कारण लपवणं तेच, फक्त आता समोरच्याला फसवायला नाही, स्वतः जगायला. मग 2012 मध्ये ब्वाकाव, ऐंशी पार केल्यावर, एकटा खडूस म्हातारा गे माणूस, घरात मरणाची सगळी तयारी करून बसलेला, सोबतीला एक भटकी कुत्री. 2018 ला रेनबोज सनसेटमध्ये म्हातारा माजी सिनेटर, जो आजारी प्रियकरासाठी शेवटी घरच्यांना सगळं सांगून टाकतो. त्याच वर्षी एमएल (म्हणजे मार्शल लॉ) या सिनेमात मार्कोसच्या लष्करी कायद्याच्या काळातला रिटायर्ड कर्नल, डोकं जुन्या काळात अडकलेलं, मुलाखत घ्यायला आलेल्या कॉलेजच्या पोरांना डांबून छळणारा. एकाच वर्षात ही दोन टोकं, वय 89!

जून 2019 मध्ये मनिलाच्या तोंदो भागात टीव्ही सीरियलचं शूटिंग चालू असताना तो केबलमध्ये पाय अडकून पडला, मान मोडली आणि त्यातच गेला. नव्वदीत किती एनर्जी म्हणून आपण टाळ्या वाजवतो, पण सेटवरची केबल कोणी नीट लावली का हे कोण बघतं? फिलिपिन्समध्ये 2024 ला सिनेमा-टीव्हीत काम करणाऱ्यांसाठी त्याच्या नावाचा कायदा झाला, दिवसाला कामाचे तास आठ, फार तर चौदा, सुरक्षेचे नियम वेगळे. चौदा मला तरी जास्तच वाटतात.

असो. पहिल्यांदा बघणार असाल तर ब्वाकावपासून सुरुवात करा, एमएल नंतर, आणि ते जेवताना लावू नका.