आमची वाटचाल : गाणे आणि चित्रपट

२००८ मध्ये कॅननने फाइव्ह डी मार्क टू हा कॅमेरा आणला नसता, तर गाण्यांचे व्हिडिओ आणि चित्रपट करणारी आमच्यासारखी छोटी संस्था उभी राहणे कठीण होते. मुळात स्थिरचित्रांसाठी बनवलेल्या त्या यंत्राच्या मोठ्या सेन्सरमुळे (प्रकाश टिपणाऱ्या भागामुळे), पार्श्वभूमी धूसर ठेवून चेहरा उठून दिसेल असे चित्रण मोजक्या माणसांच्या गटालाही परवडू लागले. त्यात एका वेळी साधारण १२ मिनिटांचाच तुकडा चित्रित होत असे, आणि चित्रपटाला लागणारा सेकंदाला २४ फ्रेम्सचा, म्हणजे २४ चित्रांचा, वेग तर २०१० मध्ये फर्मवेअर (कॅमेऱ्याच्या आतले सॉफ्टवेअर) बदलल्यावर मिळाला. चार मिनिटांच्या गाण्याला या मर्यादा फारशा आड येत नव्हत्या. त्यामुळे चित्रपट काढण्यासाठी एकत्र आलेल्या आमच्या गटाकडे पहिली कामे आली ती गाण्यांच्या व्हिडिओंची.

त्या कामांनी आम्हाला घडवले, असे मी जबाबदारीने म्हणतो. गाण्याची लांबी आधीच ठरलेली असते. दिग्दर्शकाला एक सेकंदही वाढवून मिळत नाही, आणि मुखडा तीनदा आला तर तिन्ही वेळा त्याला नवे कारण द्यावे लागते. संथ हालचाल हवी असून ओठ मात्र शब्दांशी जुळायला हवे असतील, तर सेटवर गाणे दुप्पट वेगाने वाजवून सेकंदाला ४८ फ्रेम्सने चित्रण करतात. तेच २४ च्या वेगाने दाखवले की शब्द जागेवर येतात आणि केस, कपडे, पाणी यांची गती निम्मी होते. अशा वेळी गायकाला दुप्पट वेगात गाताना चेहऱ्यावरचा भाव मात्र शांत ठेवावा लागतो, आणि त्यासाठी कॅमेरा लावण्याआधीची तालीमच उपयोगी पडते. संकलनातही प्रत्येक कट ठेक्यावर पडला की प्रेक्षकाला पुढचा कट आधीच कळू लागतो, म्हणून आम्ही तो बहुधा हालचालीवर किंवा श्वासावर ठेवतो.

चित्रपटाने याच्या उलट मागणी केली. प्लेबॅकवर, म्हणजे आधीच ध्वनिमुद्रित गाणे सेटवर वाजवून, काम करताना सेटवरचा आवाज टाकूनच दिला जातो. कथेत मात्र संवाद, पावले आणि रिकाम्या खोलीची शांतताही ध्वनिमुद्रित करावी लागते. म्हणून संस्थेतील पहिली कायमची नेमणूक आम्ही ध्वनिमुद्रकाची केली, आणि तो निर्णय मला आजही सर्वांत योग्य वाटतो.

पैशाची बाजूही सांगितली पाहिजे. गाण्याचे मानधन करारावर सही होताना, चित्रीकरणापूर्वी आणि अंतिम प्रत देण्यापूर्वी अशा तीन टप्प्यांत आम्ही घेतो, तर चित्रपटात गुंतवलेला पैसा वर्षानुवर्षे परत येत नाही. हक्कांबाबत आम्ही आरंभापासून काटेकोर आहोत. तयार गाणे चित्रपटात वापरायचे असेल तर रचनेचे हक्क आणि ध्वनिमुद्रणाचे हक्क ज्यांच्याकडे आहेत, त्या दोघांचीही लेखी परवानगी लागते. ती हाती येईपर्यंत आम्ही ते गाणे संकलनात तात्पुरतेही ठेवत नाही, कारण सवय झालेला सूर नंतर काढणे फार जड जाते.

डेव्हिड फिंचर, स्पाइक जोन्झ आणि मिशेल गोन्द्री हे दिग्दर्शक संगीत व्हिडिओंमधून चित्रपटाकडे आले, म्हणून गाणे ही केवळ पायरी आहे असे अनेक तरुण समजतात. गोन्द्री यांनी मात्र चित्रपट केल्यानंतरही गाण्यांचे व्हिडिओ करणे सोडले नाही, आणि मला तीच वाट जवळची वाटते.

आता बहुतेक गाण्यांसाठी मोबाइलवरची उभी आवृत्तीही मागितली जाते. आडव्या चौकटीच्या कडा कापून ती देण्यास आम्ही नकार देतो. महत्त्वाचे शॉट उभ्या मांडणीत वेगळे घेतो आणि त्याचा वेळ वेळापत्रकात आधीच धरतो.