म्बोकानीच का, हे तुम्ही विचारलंत म्हणून

"राहता बेल्जियममध्ये, डी ब्रुइन आणि लुकाकूच्या देशात, मग फुटबॉलचा विषय निघाला की सारखे त्या म्बोकानीचेच नाव का घेता? तो तर कुठे टिकलाच नाही," असे मला नेहमी विचारले जाते. विचारणारे बहुतेक मराठी आणि शनिवार-रविवारी रात्री जागून प्रीमियर लीग पाहणारे असतात. त्यांच्या लेखी द्यूमेर्सी म्बोकानी म्हणजे नॉरिच आणि हल या इंग्लिश क्लबांकडून लागोपाठ दोन हंगाम खेळलेला, आणि दोन्ही वेळा आपला संघ खालच्या श्रेणीत गेलेला पाहणारा, एक उसना, म्हणजे मूळ क्लबाने ठरावीक काळासाठी दुसऱ्याकडे पाठवलेला, आघाडीपटू. इंग्लंडच्या खिडकीतून पाहिले तर त्यांचे म्हणणे खोटे नाही. पण माणसाची सगळी कारकीर्द त्या एका खिडकीतून दिसत नाही, म्हणून एकदा सविस्तर उत्तर देतो.

म्बोकानीचा जन्म १९८५ साली डीआर काँगोची राजधानी किन्शासा इथे झाला. काँगोली वंशाच्याच आघाडीपटूंपैकी लुकाकू बेल्जियममध्येच जन्मला, बेंटेके लहानपणी इथे आला, आणि दोघेही बेल्जियमच्या राष्ट्रीय संघाचे झाले. म्बोकानी मात्र काँगोच्या फुटबॉलने घडवलेला, विशी ओलांडल्यावर युरोपात आलेला खेळाडू. आधी किन्शासाचा बेल'ओर हा क्लब, मग देशाच्या दुसऱ्या टोकाला, तांब्याच्या खाणींच्या मुलखातील लुबुम्बाशीचा टीपी माझेम्बे, आणि तिथून २००६-०७ च्या हंगामात ब्रुसेल्सच्या अँडरलेख्तकडे उसना, असा त्याचा प्रवास झाला. अँडरलेख्तने त्याला थोडे सामने खेळवले, त्याने गोलही केले, तरी हंगाम संपल्यावर क्लबाने त्याला ठेवून घेतले नाही. बेल्जियन फुटबॉलच्या इतिहासात याहून महाग पडलेले नकार फार थोडे असतील.

काँगोच्या खेळाडूला युरोपचे दार बहुधा बेल्जियमातच उघडते, याला वसाहतीच्या इतिहासाइतकीच इथल्या नियमांचीही साथ आहे. इतिहास उघड आहे: बेल्जियमची वसाहत असलेला काँगो १९६० साली स्वतंत्र झाला, आणि त्याआधीच, १९५७ मध्ये, पॉल बोंगा बोंगा हा काँगोली खेळाडू लिएज शहराच्या स्टँडर्ड क्लबात दाखल झाला होता. नियमांची बाजू कमी बोलली जाते. युरोपीय संघाबाहेरचे किती खेळाडू घ्यावेत यावर बेल्जियममध्ये मर्यादा नाही. अशा खेळाडूला ठरावीक किमान पगार द्यावा लागतो, एवढीच मुख्य अट. त्यामुळे आफ्रिकेतून खेळाडू आणायचा, इथे तयार करायचा आणि मोठ्या देशाला विकायचा, हा इथल्या कित्येक क्लबांचा सरळसरळ धंदा आहे. म्बोकानी पुढे ज्या बेव्हरेन गावी खेळला, त्या गावच्या क्लबाचा संघ २००० नंतरच्या काही वर्षांत जवळजवळ संपूर्णपणे आयव्हरी कोस्टच्या मुलांचा होता. याया टूरे त्यांतलाच.

अँडरलेख्तने सोडलेला म्बोकानी २००७ मध्ये स्टँडर्डने उचलला. स्टँडर्डला १९८३ नंतर एकदाही लीग जिंकता आलेली नव्हती. प्रशिक्षक मिशेल प्रूदोम यांच्या हाताखाली फेलाइनी, विट्सेल, दफूर अशी विशीच्या आसपासची पोरे, जोडीला सर्बियाचा योव्हानोव्हिच आणि सर्वांत पुढे म्बोकानी, असा तो संघ होता. २० एप्रिल २००८ रोजी लिएजमध्ये त्यांनी अँडरलेख्तला २-० असे हरवून पंचवीस वर्षांनी लीगचे विजेतेपद मिळवले, आणि ते दोन्ही गोल म्बोकानीचे होते. पुढच्या हंगामात प्रूदोम गेले आणि लास्लो बोलोनी हे रुमानियाचे प्रशिक्षक आले. त्या वर्षी स्टँडर्ड आणि अँडरलेख्त यांचे गुण सारखे झाल्यामुळे निकालासाठी दोघांना आणखी दोन सामने खेळावे लागले. पहिला बरोबरीत सुटला, आणि दुसरा जिंकून स्टँडर्डने विजेतेपद राखले.

त्याचा खेळ कसा होता, हे इथे सांगायला हवे, कारण पुढचे सगळे त्यावर अवलंबून आहे. तो वाऱ्यासारखा धावणारा आघाडीपटू नव्हता. गोलकडे पाठ करून उभे राहायचे, मागून धक्के देणाऱ्या बचावपटूला अंगावर झेलायचे, चेंडू पायाशी धरून ठेवायचा आणि धावत येणाऱ्या सोबत्याला नेमक्या वेळी द्यायचा, हे त्याचे मुख्य काम. गोल करण्याची हातोटी त्याच्याकडे होतीच, हेडरही उत्तम होता. पण सोबती कोणत्या बाजूने धावणार हे आधी ठाऊक नसेल तर अशा खेळाडूची निम्मी किंमत वाया जाते. विट्सेल किंवा दफूर मागून केव्हा येतील हे त्याला न पाहता कळत असे. तो अंदाज दहा-बारा आठवड्यांत येत नाही, आणि दुसऱ्या क्लबात जाताना बरोबरही नेता येत नाही.

२०१० मध्ये तो मोनॅकोला गेला आणि नेमके हेच घडले. गोल आटले, संघ तळाशी गेला, हंगामाच्या मध्यावर प्रशिक्षक बदलले, आणि शेवटी मोनॅकोसारखा क्लब फ्रान्सच्या दुसऱ्या श्रेणीत घसरला. तोवर जानेवारी २०११ मध्ये म्बोकानीला जर्मनीच्या वोल्फ्सबुर्गकडे उसने पाठवले होते. तिथला आघाडीपटू जेको मँचेस्टर सिटीकडे गेल्यामुळे मोकळी झालेली जागा भरायला माणूस हवा होता. पण त्याला आणले तेव्हा प्रशिक्षक असलेले स्टीव्ह मॅक्लॅरन फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यातच घरी गेले, त्यांच्या जागी लिटबार्स्की आले, आणि मार्चमध्ये त्यांच्याही जागी मागाट. अर्ध्या हंगामात तीन प्रशिक्षक, आणि म्बोकानीच्या नावावर एकही गोल नाही. ज्याने मागवले तोच निघून गेला, तर मागवलेल्या माणसाचे काय होते, हे कुठल्याही कचेरीत बदलीवर आलेल्याला समजावून सांगावे लागणार नाही.

प्रशिक्षक बदलला की म्बोकानी कोसळायचा, असे सोपे सूत्र मात्र मी मांडत नाही. स्टँडर्डमध्येही प्रशिक्षक बदलले होते, आणि तो जास्तच फुलला. फरक भोवतालच्या माणसांचा होता. २०११ च्या उन्हाळ्यात लुकाकू चेल्सीकडे गेला, तेव्हा रिकाम्या झालेल्या जागेसाठी अँडरलेख्तने आपण एकदा नाकारलेल्या म्बोकानीलाच विकत घेतले. किन्शासाप्रमाणेच ब्रुसेल्समध्येही फ्रेंच सर्वत्र चालते, आणि शहरात मातोंगे नावाची काँगोली वस्ती आहे, जिचे नावच किन्शासातील एका भागावरून पडले. अँडरलेख्तने २०१२ आणि २०१३ अशी सलग दोन वर्षे लीग जिंकली, चॅम्पियन्स लीगमध्ये रशियाच्या झेनितविरुद्धच्या १-० विजयात गोल त्याचा होता, आणि २०१२ सालचा बेल्जियमचा सर्वोत्तम खेळाडू म्हणून सोनेरी बूट त्याला मिळाला.

स्टँडर्ड आणि अँडरलेख्त यांचे वैर किती कडवे आहे हे ठाऊक नसेल, तर या यशाची खरी किंमत कळणार नाही. त्याचाच जुना सोबती दफूर पोर्तुगालमार्गे अँडरलेख्तला आला आणि जानेवारी २०१५ मध्ये लिएजला खेळायला गेला, तेव्हा स्टँडर्डच्या प्रेक्षकांनी दफूरचे धडावेगळे केलेले मुंडके रंगवलेला प्रचंड फलक उभारला होता. म्बोकानीने या दोन्ही घरांना प्रत्येकी दोन विजेतेपदे मिळवून दिली.

२०१३ मध्ये तो युक्रेनच्या डायनॅमो कीव्हला गेला. पैसा चांगला होता, क्लब नावाजलेला होता; वेळ मात्र वाईट निघाली. त्याच हिवाळ्यात कीव्हच्या 'मैदान' नावाच्या चौकातील सरकारविरोधी आंदोलन पेटले, क्लबाच्या जुन्या लोबानोव्हस्की स्टेडियमसमोरच्या रस्त्यावर पोलीस आणि निदर्शक भिडले, आणि फेब्रुवारी २०१४ मध्ये व्हॅलेन्सियाविरुद्धचा युरोपा लीगचा सामना कीव्हऐवजी सायप्रसमध्ये खेळवावा लागला. म्बोकानीचा कीव्हशी करार चालूच होता, आणि त्या करारावरच तो दोनदा इंग्लंडला उसना गेला. पहिला हंगाम, २०१५-१६, नॉरिचचा. वर्षभर एकच प्रशिक्षक, अ‍ॅलेक्स नील, आणि म्बोकानीचे लीगमध्ये सात गोल, हा माझ्या मते योगायोग नाही. लिव्हरपूलविरुद्ध ४-५ अशा हरलेल्या विलक्षण सामन्यात त्याने टाचेने केलेला गोल तुमच्यापैकी काहींनी पाहिला असेल. मे महिन्यात वॉटफर्डला ४-२ हरवताना दोन गोल त्याचे होते, पण त्याच रात्री संडरलंडनेही आपला सामना जिंकल्यामुळे नॉरिच खाली गेले ते गेलेच. पुढच्या वर्षी हलमध्ये पुन्हा मध्यावर प्रशिक्षक बदलला, म्बोकानीचा गोल एकही नाही, आणि हलही खाली गेले. तुमच्या मनातला म्बोकानी तो हा.

या दोन हंगामांच्या मधली एक गोष्ट मात्र क्रीडापानाच्या बाहेरची आहे. २२ मार्च २०१६ रोजी ब्रुसेल्सच्या विमानतळावर बॉम्बस्फोट झाले, तेव्हा म्बोकानी तिथेच होता. त्याला इजा झाली नाही, पण तो हादरून गेला होता. त्याच आठवड्यात काँगोचे अंगोलाविरुद्ध सामने होते आणि तो खेळायला गेला नाही. काँगोच्या फुटबॉल महासंघाने समजून घेण्याऐवजी कारवाईची भाषा केली, आणि त्याने राष्ट्रीय संघ सोडत असल्याचे जाहीर केले. पुढे समेट झाला आणि २०१७ च्या आफ्रिका चषकासाठी तो संघात परतला. मला यात महासंघाचीच चूक दिसते. शिवाय, युरोपीय संघाबाहेरच्या खेळाडूला इंग्लंडमध्ये कामाचा परवाना देताना तो आपल्या देशाकडून किती खेळतो हे त्या काळी प्रामुख्याने पाहिले जाई. म्हणजे अशा खेळाडूच्या बाबतीत देशाच्या संघातली जागा मानाबरोबर पोटाशीही जोडलेली असते, हे महासंघवाल्यांना ठाऊक नसेल असे मला वाटत नाही.

२०१८ मध्ये तो बेल्जियमला परतला तेव्हा बत्तीस वर्षांचा होता, आणि बारा गावचे पाणी पिऊन आलेल्या या माणसात आता काय उरले असेल, अशी शंका इथल्या जाणकारांनाही होती. त्याला घेणारा क्लब रॉयल अँटवर्प. तेरा वर्षे दुसऱ्या श्रेणीत काढून हा क्लब २०१७ मध्येच वर आला होता. तिथे प्रशिक्षक कोण होते? स्टँडर्डचे तेच लास्लो बोलोनी. क्रीडा संचालक कोण? स्टँडर्डचा विजेता संघ ज्यांच्या कारकिर्दीत उभा राहिला ते लुसियन दॉनोफ्रिओ. वर्षभराने दफूरही तिथेच आला. बोलोनींना या खेळाडूची चाचणी घ्यायची गरज नव्हती. पाठमोरा उभा राहून चेंडू धरणारा माणूस कसा वापरायचा हे त्यांना दहा वर्षांपूर्वीपासून माहीत होते. म्बोकानी पुन्हा गोल करू लागला. बोलोनी २०२० च्या वसंतात गेले, आणि १ ऑगस्ट २०२० रोजी, कोरोनाच्या साथीमुळे रिकाम्या ठेवलेल्या स्टेडियममध्ये, अँटवर्पने ब्रुजला १-० हरवून १९९२ नंतर प्रथमच बेल्जियन चषक जिंकला. त्याच वर्षी ऑक्टोबरात मोरिन्यो यांचा इंग्लंडचा टॉटनहॅम संघ अँटवर्पला आला, तेव्हा म्बोकानीने बचावपटूच्या पायातून चेंडू हिसकावला, सोबती रेफाएलोव्हला दिला, आणि सामन्यातला एकमेव गोल झाला. ज्या इंग्लिश प्रेक्षकांनी त्याला हलमध्ये निकाली काढले होते, त्यांनी तो सामना पाहिला असेल अशी माझी आशा आहे.

त्यानंतरचे थोडक्यात: कुवेत, आणि मग २०२२ मध्ये बेल्जियमच्या दुसऱ्या श्रेणीत बेव्हरेन. युरोपातले क्लब नऊ, आणि अँडरलेख्तमध्ये दोनदा. यांतल्या बऱ्याच प्रवासाचे निर्णय त्याच्या एकट्याच्या हातात नव्हते, कारण उसना जाणारा खेळाडू दोन क्लबांच्या हिशेबात जातो. या हिशेबाचा एक चांगला भागही आहे: फिफाच्या नियमानुसार खेळाडूची आंतरराष्ट्रीय विक्री झाली की रकमेच्या पाच टक्क्यांपर्यंतचा वाटा त्याला वयाच्या बाराव्या ते तेविसाव्या वर्षांत घडवणाऱ्या क्लबांना मिळायचा असतो. त्यामुळे खेळाडूचे क्लब वारंवार बदलतात तेव्हा दूरच्या एखाद्या गरीब क्लबाचाही त्यात वाटा असू शकतो.

तर तुमच्या प्रश्नाचे उत्तर असे, की जिथे त्याला ओळखणारी माणसे होती तिथे म्बोकानी टिकला, जिंकला आणि इतरांनाही जिंकवून गेला. जिथे नड भागवण्यापुरता आणला तिथे नड संपण्याआधीच त्याला आणणारे निघून गेले. त्याचा एकच सामना पाहायचा असेल तर इंग्लंडमधला शोधू नका, ३१ जानेवारी २०१५ चा पाहा. इक्वेटोरियल गिनीतील बाटा शहर, आफ्रिका चषकाची उपांत्यपूर्व फेरी, नदीच्या दोन काठांवरच्या दोन काँगोंची, म्हणजे म्बोकानीचा किन्शासाचा काँगो आणि शेजारचा ब्राझाव्हिलचा काँगो या दोन देशांची, लढत. बासष्टाव्या मिनिटाला ब्राझाव्हिलचा काँगो दोन गोलांनी पुढे होता. पासष्टाव्या मिनिटाला म्बोकानीने पहिला गोल फेडला, मग बोकिला, मग किम्वाकी, आणि भरपाईच्या वेळेत पुन्हा म्बोकानी: ४-२. पराभूत संघाच्या बाकावर क्लोद लरॉय हे फ्रेंच प्रशिक्षक बसले होते. दोनच वर्षांपूर्वीच्या आफ्रिका चषकात ते किन्शासाच्या संघाचे प्रशिक्षक होते, आणि त्यांनीच म्बोकानीला आघाडीवर खेळवले होते.