बॅटरीवर धावलेली बॅलेटरची गाडी

स्कॉटलंडला जाणारी आपली मंडळी एडिंबरा, लॉख नेस आणि स्काय बेट करून परततात. अ‍ॅबर्डीनकडे फारसं कुणी फिरकत नाही, आणि फिरकलंच तर बाल्मोरलचा राजवाडा बघायला. मला ओढ होती ती डी नदीच्या काठाकाठाने बॅलेटर या गावापर्यंत जाणाऱ्या रेल्वेच्या फाट्याची. 1966 मध्ये तो बंद झाला. आता त्या वाटेवर पायी किंवा सायकलने जाता येतं. अ‍ॅबर्डीनचा पाऊस आणि करड्या ग्रॅनाइटच्या इमारती एवढ्यावरच सोडतो, कारण मन अडकलं ते पुढे, बँकरीजवळच्या मिल्टन ऑफ क्रेथीसला.

तिथे हौशी स्वयंसेवकांनी या मार्गाचा छोटासा तुकडा पुन्हा रूळ टाकून जिवंत केलाय आणि एक दोन डब्यांची गाडी जपून ठेवलीय. ही गाडी बॅटरीवर चालायची, तीही 1958 साली! डब्याखाली शिसं-आम्लाच्या बॅटऱ्यांच्या रांगा, चार्जिंगची सोय अ‍ॅबर्डीन आणि बॅलेटर अशा दोन्ही टोकांना. तिथल्या एका आजोबांनी पायाने जमिनीवर ठकठक करून दाखवलं, "सगळं वजन इथे खाली." लहानपणी ते या गाडीत बसले होते. धूर नाही, धडधड नाही, खिडकीशी बसलं की नदीचा आवाज ऐकू यायचा, म्हणाले. मी बराच वेळ तिथून हललो नाही.

मला याचा खरोखर राग येतो. आज जगभर बॅटरीच्या गाड्यांचं कौतुक चाललंय, आणि जिथे ती कल्पना रोजच्या प्रवाशांना घेऊन प्रत्यक्ष धावली, तो मार्गच मोडीत काढला. ब्रिटिश रेल्वेचे तेव्हाचे प्रमुख बीचिंग यांच्या 1963 च्या अहवालाने तोट्यातल्या शेकडो स्टेशनांवर आणि फाट्यांवर काट मारली, त्यात हाही गेला. 28 फेब्रुवारी 1966 ला प्रवासी वाहतूक थांबली. हिशेब तिकिटांचा झाला. खोऱ्यातल्या गावांचं पुढे काय, हा रकाना त्या वहीत नव्हताच. मी बॅलेटरला बसने गेलो. बस चांगली आहे, पण वळणावळणाच्या रस्त्यावर मोटारींमागे रखडत जाताना नदीकाठची ती सपाट, सरळ वाट मधूनच दिसते आणि जीव हळहळतो.

तसा या फाट्याचा थाट मोठा होता. 1853 मध्ये गाडी बँकरीपर्यंत आली, 1859 मध्ये अबॉइनला आणि 1866 मध्ये बॅलेटरला. बाल्मोरलला जाणारी राणी व्हिक्टोरिया इथेच उतरायची. 1896 मध्ये रशियाचा झार निकोलस दुसरा भर पावसात याच स्टेशनावर उतरला होता. खरं तर रेल्वे पुढे ब्रेमारकडे न्यायची होती, पण राणीला आपल्या राजवाड्याच्या परिसरात ती नको होती. त्यामुळे बॅलेटरच्या पुढे गेर्न नदीवरच्या पुलापर्यंत भराव घातला गेला, रूळ मात्र कधीच पडले नाहीत. त्या भरावावरून मी चाललो. डावीकडे खाली डी नदी आणि पायाखाली आगगाडीसाठी जपून राखलेला उतार. एका माणसाच्या नापसंतीने अख्ख्या खोऱ्याची रेल्वे अडावी, हे मला पटत नाही, मग ते माणूस कितीही मोठं असो.

बॅलेटरचं लाकडी स्टेशन 2015 च्या आगीत बरंचसं जळालं होतं. गावकऱ्यांना ते तसंच पडू द्यायचं नव्हतं. ते पुन्हा बांधलं गेलंय, आणि त्यावरून गावाचा या रेल्वेवरचा जीव कळतो. चहा देणाऱ्या बाईंनी मी फक्त रेल्वेसाठी एवढ्या लांबून आलोय हे ऐकून खुर्ची ओढली आणि बसून बोलत राहिल्या. राजवाड्याबद्दल त्यांनी अवाक्षर काढलं नाही. मीही तो बघायला गेलो नाही. उरलेला दिवस कॅम्बस ओ'मे या जुन्या थांब्याकडे चालण्यात घालवला. तिथे नदी वाटेला इतकी खेटून वाहते, की गाडीतल्या माणसाला खिडकीतून पाणीच पाणी दिसत असणार. वेळ असेल तर बॅलेटरहून तेवढा टप्पा तरी पायी करा.