‘उलटा ई’ आणि आमचा आक्षेप अर्ज

अनवट इंग्रजी शब्दांचे अर्थ व उच्चार सांगण्याच्या कोल्हापुरातील एका शालेय स्पर्धेत माझ्या भाचीने भाग घेतला होता. नोंदणी आणि पहिली फेरी विनासायास पार पडली. घोडे अडले ते एकाच शब्दावर. जहाजाच्या डेकवरील खलाशी, दोरखंड आणि नांगर यांची व्यवस्था पाहणाऱ्या अधिकाऱ्यासाठी जो इंग्रजी शब्द आहे, तो लिहिताना ‘बोट’पुढे ‘स्वेन’ जोडतात, परंतु उच्चारताना ‘बोसन’ असे म्हणतात. भाचीने अर्थ आणि उच्चार दोन्ही बरोबर सांगितले, तरी परीक्षकांनी ‘बोटस्वेन’ हाच उच्चार ग्राह्य धरून तिचे गुण कापले.

आक्षेप अर्ज घेऊन मी आयोजकांच्या कार्यालयात गेले, तेव्हा टेबलावरच्या गृहस्थांनी पहिलाच प्रश्न विचारला, “मॅडम, स्पेलिंगमध्ये टी आहे ना? मग तो गेला कुठे?” मोबाइलवरचा उच्चार त्यांनी ऐकूनही घेतला नाही; छापील पुरावा हवा, असे सांगितले. म्हणून १८५० पासून चालत आलेल्या करवीर नगर वाचन मंदिरात जाऊन मी शब्दकोश धुंडाळला आणि त्या पानाची झेरॉक्स दिली. त्यावर त्यांनी उच्चाराच्या चिन्हांवर बोट ठेवून, “हा ई तर उलटा छापलाय,” असे म्हणत छपाईच्या चुकीचा शेरा मारला! तो उलटा ई म्हणजे ‘अबाउट’मधल्या पहिल्या, पुसट ‘अ’चे चिन्ह असून ही लिपी पॅरिसमध्ये १८८६ साली स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय संस्थेची आहे, हे मी परोपरीने सांगितले, तेव्हा चिन्हांचा खुलासा असलेले प्रस्तावनेतील पान आणण्याचे फर्मान निघाले. ते नेले, तर निर्णय घेणारे साहेब रजेवर! अखेर कामास आले ते कोशातच त्या शब्दाशेजारी दिलेले बी-ओ-एस-यू-एन हे पर्यायी स्पेलिंग. ते वाचून दाखवताच टी कुठे गेला, हा प्रश्न पुन्हा कोणी काढला नाही आणि गुण परत मिळाले.

तेव्हा अशा स्पर्धेला मुले पाठवणाऱ्यांनी कोणता कोश प्रमाण मानणार, हे नोंदणीच्या वेळीच लेखी घ्यावे. तयारीत ग्रीक वळणाच्या शब्दांकडे विशेष लक्ष द्यावे. ‘एपिटोम’ असा दिसणारा शब्द ‘इपिटमी’ असा म्हणतात. ‘टार्मिगन’ या पक्ष्याच्या नावाआधीचा मुका पी तर निव्वळ ग्रीकच्या अनुकरणाने चिकटलेला आहे. मूळ शब्द स्कॉटिश गेलिक भाषेतला. आणखी एक सांगायचे राहिले: कोशात आघाताची उभी खूण ज्या अक्षराच्या आधी असते, जोर त्याच अक्षरावर द्यायचा असतो, मुले तो हमखास मागच्या अक्षरावर देतात. आक्षेप अर्जाची पोच मात्र तारीख-शिक्क्यासह तिथेच उभे राहून घ्यावी, नाहीतर साहेब रजेवरून परतल्यावर अर्ज सापडतच नाही.