गोळी लागली पहारेकऱ्याला

७ मे २०२४. राज्यात लोकसभेच्या तिसऱ्या टप्प्याचं मतदान. बारामतीत नणंद-भावजय समोरासमोर, त्यामुळे आमच्या न्यूज वेबसाइटच्या डेस्कवर कुणालाच मान वर करायची फुरसत नव्हती. मनोरंजनाची शिफ्ट मी एकटी सांभाळत होते आणि टोरंटोहून बातमी आली: कॅनडाचा रॅपर ड्रेक याच्या बंगल्याबाहेर गोळीबार.

आधीचे काही दिवस ड्रेक आणि अमेरिकी रॅपर केंड्रिक लमार गाण्यांतून एकमेकांवर तुटून पडले होते. रॅप बॅटलमध्ये समोरच्याची लक्तरं वेशीवर टांगायचीच असतात. पण इथे गाण्यातली ओळ लोक थेट पुरावा म्हणून फिरवत होते. ड्रेकने एक मुलगी जगापासून लपवली, हा केंड्रिकचा आरोप. ड्रेकने तो नाकारला, वर ही खोटी माहिती आपल्याच बाजूने पेरली होती असंही गाण्यातच सांगितलं. त्याआधी एप्रिलमध्ये ड्रेकचं खरं गाणं लीक झालं, तर ते एआयचं आहे का यावर वाद झडले. केंड्रिकच्या नावावर फिरलेलं एआयचं गाणं मात्र अनेकांनी खरं मानलं.

त्यात ही गोळी. कुणी ड्रेकला गोळी लागल्याचं लिहीत होतं, कुणी प्रतिस्पर्ध्याच्या माणसांवर संशय घेत होतं, कुणाच्या मते हा सगळा प्रसिद्धीचा बनाव. केंड्रिकच्या ‘नॉट लाइक अस’ या गाण्याच्या कव्हरवर याच बंगल्याचं वरून घेतलेलं चित्र होतं, म्हणून प्रत्येक तर्काला जोर चढत होता.

“अगं, ‘ड्रेकवर गोळीबार’ करून टाक. सगळ्यांनी लावलंय,” शेजारच्या डेस्कवरचे दादा म्हणाले.

“दादा, पोलिसांनी असं कुठे म्हटलंय?”

मी थांबले. टोरंटो पोलिसांनी पत्रकारांना माहिती दिली, तेव्हा चित्र स्पष्ट झालं. पहाटे दोनच्या सुमारास फाटकाबाहेर उभ्या असलेल्या सुरक्षारक्षकाला गोळी लागली होती, तो गंभीर जखमी होता, हल्लेखोर गाडीतून पळाले होते. हेतूबद्दल आत्ताच बोलता येणार नाही, असं पोलिसांनी सांगितलं.

मला संताप आला तो इथे. रात्रपाळीला उभा असलेला माणूस रक्तबंबाळ झाला होता आणि हजारो लोक बॅटल कोण जिंकलं यावर भांडत होते. गाण्यातल्या शिव्याशापांना मी कधी नाकं मुरडलेली नाहीत. तो खेळच तसा आहे. पुढे ‘नॉट लाइक अस’वरून ड्रेकने स्वतःच्याच रेकॉर्ड कंपनीवर भरलेला बदनामीचा दावा ऑक्टोबर २०२५ मध्ये न्यूयॉर्कच्या न्यायालयाने फेटाळला. अशा शाब्दिक लढाईतलं बोलणं श्रोता वस्तुस्थितीचं विधान म्हणून घेणार नाही, हा न्यायाधीशांचा मुद्दा मला पटतो. बातमीला मात्र ती सवलत नाही.

मी मथळा केला: ‘ड्रेकच्या बंगल्याबाहेर गोळीबार, सुरक्षारक्षक गंभीर जखमी’.

“रक्षकासाठी कोण क्लिक करणार?” दादांनी विचारलं. मी मथळा बदलला नाही. बातमी गेली, खाली हेतू अस्पष्ट असल्याची ओळही गेली, आणि मी मतदानाच्या आकड्यांना हात लावायला त्यांच्या टेबलाकडे वळले.